थंड चुलीवरचे आठ दिवस

सोलापूरच्या ज्या खोलीत मी अकरा वर्षं राहिले, ती मी कधीच पाहिली नाही. तिच्या भिंतींना कोणता रंग होता, हे मला आजही सांगता येणार नाही. पण उंबऱ्याच्या डाव्या टोकाला एक चीर होती आणि तिच्यात माझी करंगळी पेरापर्यंत जायची, हे मी झोपेतून उठवलं तरी सांगेन.

हे मी सांगते आहे आणि आमच्या त्या वेळच्या शेजारणीची नात लिहून घेते आहे. ती शाळेत शिकवते, त्यामुळे माझं बोलणं ती जागच्या जागी नीट करते. माणसं मात्र जशी बोलली तशीच लिही, असं मी तिला बजावलं आहे.

आम्ही मूळचे मंगळवेढ्याकडचे, मेंढरं राखणारे. १९२५ च्या आसपासची गोष्ट असेल. दोन वर्षं पाऊस नीट पडला नाही, चारा सरला. उरलेली मेंढरं आत्याच्या कळपात सोडून माझे वडील सोलापूरला गिरणीत लागले. मी त्यांना बा म्हणायची. त्याच उन्हाळ्यात गावात देवी आल्या. मला नववं लागलं होतं. मी वाचले, पण डोळे गेले. आईने मला बैलगाडीत घातलं आणि सोलापूरला आणलं, दवाखान्यात दाखवायला. डॉक्टरांनी पापण्या उघडून पाहिल्या आणि म्हणाले, "आता याचं काही होणार नाही बाई. पोरीला जपा."

आईने ते शब्द घट्ट धरून ठेवले. थोड्याच दिवसांत तीही गिरणीत सूत गुंडाळायच्या खात्यात जाऊ लागली, कारण एकट्याच्या मजुरीवर शहरात भागत नव्हतं. सकाळच्या भोंग्याला दोघं बाहेर पडायची. जाण्याआधी आई मला भिंतीकडेच्या घोंगडीवर बसवायची, उजव्या हाताशी पाण्याचा तांब्या आणि डाव्या हाताशी फडक्यात गुंडाळलेली भाकरी ठेवायची आणि म्हणायची, "हितनं उठू नगं. मी आल्याबिगर उठू नगं."

मी उठत नसे. सुरुवातीचे दोन महिने मी त्या घोंगडीवर काढले. खोली पत्र्याची होती. ऊन चढलं की पत्रा तडतड वाजायला लागायचा, आधी दाराकडचा, मग मधला, मग चुलीवरचा. दुपार कलली की त्याच क्रमाने पुन्हा वाजायचा. शेजारची भिंत दिवसभर थरथरायची. पलीकडे तेलुगू विणकराचं घर होतं आणि त्याचा माग चालायचा. भिंतीला पाठ लावून बसलं की मागाचा ठोका पाठीच्या कण्यात यायचा. तो थांबला की मी ओळखायची, आता ती माणसं जेवायला बसली.

एक दिवस तांब्या माझ्याच हाताने लवंडला. तहान लागली होती आणि आई यायला अर्धा दिवस होता. मी बराच वेळ तशीच बसले. मग भिंतीला हात लावून उठले. भिंत संपली तिथे कोनाडा लागला, कोनाड्यानंतर कोपरा, कोपऱ्यात रांजण. रांजणाचा गारवा हात लागायच्या आधीच तोंडावर आला. मी झाकण काढलं, ओंजळीने पाणी प्यायले आणि झाकण परत ठेवलं. ठेवताना झाकणाचा जो आवाज झाला तो मला इतका आवडला की मी ते पुन्हा एकदा उचलून ठेवलं.

त्या दिवसापासून आई गेली की मी उठायची. रोज थोडी थोडी खोली हाताखालून घालायची. दारापासून रांजण नऊ पावलं. शहाबादी फरशा सात होत्या, त्यातली चौथी हलायची आणि तिच्यावर पाय दिला की खालून पोकळ आवाज यायचा. तिच्यावरून दोन पावलं उजवीकडे चूल. दारातून ऊन आत यायचं आणि फरशीवरून सरकत जायचं. ते तिसऱ्या फरशीवरून गेलं की दुपारच्या सुटीचा भोंगा व्हायचा. आई परत यायच्या वेळेला मी पुन्हा घोंगडीवर बसलेली असायची. हे मी तिला सांगितलं नाही. सांगितलं तर ती दाराला बाहेरून कडी घालेल, अशी मला भीती होती.

श्रावणात एका संध्याकाळी बा जेवताना आईला म्हणाला, "दिवाळीला पोरीची आत्या येणार हाय, नेते म्हनती. तिच्यासंगं पोरीला धाडू. हितं दिवसभर एकली, काय झालं म्हंजी कुणाच्या तोंडाकडं बघायचं? तितं चार माणसं हायती. मेंढरांच्या वाड्यापाशी बसून राहील."

आईने भांडं पुढे सरकवल्याचा आवाज आला.

मला आत्याचा लळा होता. तिने मला कळपातलं एखादं काम देऊन बोलावलं असतं तर मी धावत गेले असते. पण बसून राहायला मी जाणार नव्हते. घोंगडीवरचे दोन महिने मी विसरले नव्हते. त्या रात्री अंथरुणात पडल्या पडल्या मी ठरवलं की दिवाळीच्या आत भाकरी करायला शिकायचं. ज्या घरात जिची भाकरी खातात, तिला त्या घरातून कुणी उचलून नेत नाही, एवढं मला नऊ वर्षांच्या वयातही कळत होतं.

दुसऱ्याच दिवशी मी चूल पेटवली. काडी ओढायला जमलं, सरपणाच्या तुराट्याही पेटल्या. मी फुंकणी घेऊन वाकले आणि एक पेटती तुराटी चुलीतून निसटून माझ्या हातावर पडली. कोपरापासून मनगटापर्यंत हात पोळला. मी तो रांजणात बुडवला आणि बाकी तुराट्या पाणी ओतून विझवल्या. मग राख भरली, फरशी पुसली आणि घोंगडीवर जाऊन बसले.

आई दारातच थांबली. म्हणाली, "केस जळल्यावानी वास कुटनं येतोय?"

माझ्या डाव्या बाजूच्या बटा करपल्या होत्या, ते मला कळलंच नव्हतं. आईने माझा हात मांडीवर घेतला आणि त्यावर खोबरेल तेल लावलं. मला रागावली नाही. दुसऱ्या दिवशी जाताना तिने कोनाड्यातली काडेपेटी पदरात बांधली आणि गिरणीत घेऊन गेली. त्यानंतर रोज ती काडेपेटी तिच्याबरोबर जायची आणि तिच्याबरोबर यायची.

हात बरा व्हायला पंधरा दिवस लागले. खपली धरल्यावर मी भिंतीला धरून बाहेर पडले आणि शेजारच्या दारात जाऊन बसले. विणकराच्या बायकोला सगळी चाळ अक्का म्हणायची. ती रहाटावर कांड्या भरत होती, म्हणजे मागाच्या धोट्यात घालायच्या लहान नळ्यांवर सूत गुंडाळत होती. रहाट करकरत होता. खळीच्या सुताचा आंबूस वास त्या दारात कायम असायचा.

"अक्का, इस्तू दे की थोडा," मी विस्तव मागितला.

"कशाला?"

"भाकरी करायची हाय."

"आई काय म्हनली?"

"नगं म्हनली."

"मग मी पन नको म्हनते. वद्दु."

तिच्या तेलुगूतलं वद्दु म्हणजे नको, हे मला एव्हाना कळत होतं. मी उठले नाही. तिने पुन्हा रहाट सुरू केला. दोन-तीन कांड्या भरून झाल्या असतील. मग ती म्हणाली, "चुलीचं तोंड कुटं हाय ते तुला कळतं?"

"कळतं."

"मग हात भाजला तवा कुटं होतं?"

ती उठली, माझा चांगला हात धरला आणि मला आमच्या खोलीत घेऊन आली. म्हणाली, "आठ दिवस इस्तू नाय. थंड्या चुलीवर कर. आठ दिवसांत एकदा पन चुकली नाय, तर मग बघू."

त्या आठ दिवसांत मी जेवढं शिकले तेवढं पुढे कशातच शिकले नाही. अक्का दुपारच्या भोंग्याला यायची. तिने आधी माझी बैठक पक्की केली. उजवा गुडघा चुलीच्या दगडाला टेकलेला पाहिजे, तो हलायचा नाही. गुडघ्यापासून एक वीत पुढे तवा. डाव्या हाताला हातभर अंतरावर तुराट्या, उजव्या हाताला भाकरी थापायची काठवट, मागे पाण्याचा गडू. परकर मांड्यांखाली दाबून घ्यायचा, वेणी पोलक्यात खोचायची. विस्तवाकडे हात न्यायचा तो आधी पालथा. "हाताच्या पाठीला ऊन आधी कळतंय," ती म्हणायची. "पाठ म्हनली पुढं जा, तर तळवा न्यायचा. मेल्लगा, मेल्लगा." म्हणजे सावकाश.

पीठ वाया घालवायचं नाही म्हणून तिने काळी माती चाळून, मळून दिली. मी मातीच्या भाकरी थापायची, थंड तव्यावर टाकायची, वरून पाणी फिरवायची, उलटायची, विझलेल्या चुलीच्या तोंडाशी उभी करायची आणि काढून ठेवायची. रोज वीस-पंचवीस. एकदा अक्काचा नवरा मागाच्या खड्ड्यातून उठून बघायला आला आणि हसला. अक्का त्याला तेलुगूत असं काही बोलली की तो परत मागावर जाऊन बसला आणि माग जोरात वाजू लागला.

पाचव्या दिवशी माझा गुडघा हलला. अक्काने माझ्या पायावर चापट मारली आणि म्हणाली, "आजपासून परत एक."

मी परत एकपासून आठ दिवस मोजले.

नवव्या दिवशी तिने खापरीत विस्तव आणला. मला आधी त्याचा वास आला, मग गालाला धग लागली. तिने तो चुलीत घातला आणि मागे सरून बसली. मी तुराट्या एकेक करून सारल्या. कोरडी तुराटी पेटताना किट् किट् करते, ओली नुसती सुसकारते आणि डोळ्यांना झोंबते. तव्यावर पाण्याचे थेंब टाकले, ते नाचून गेले की तवा तापला. जोंधळ्याचं पीठ गरम पाण्यात मळलं. थापताना भाकरी जाड असते तोवर थाप बसकी येते, आणि पातळ होऊ लागली की काठवट खालून वाजायला लागते. हे मातीच्या भाकरीने मला शिकवलंच होतं. ते पिठालाही लागू पडलं.

पहिली भाकरी तव्यावर टाकताना मोडली. दुसरी करपली, कारण मी वासाची वाट बघत बसले आणि वास आला तोवर उशीर झाला होता. अक्का म्हणाली, "वास यायच्या आधी वाफ येती. वाफेवर हात धर." तिसरीला मी पालथा हात धरला. वाफ ओलसर होती, मग कोरडी झाली, तेव्हा मी उलटली. चुलीच्या तोंडाशी ती टम्म फुगली आणि तिच्या कडेतून फुस्स करून हवा बाहेर पडली. ती माझ्या मनगटावर आली.

मी सात भाकरी केल्या. अक्काने मोडलेली आणि करपलेली खाल्ली.

संध्याकाळी आई आली तेव्हा मी चुलीपाशीच बसले होते. घोंगडीवर गेले नव्हते. आईने भाकरीच्या टोपलीवरचं फडकं काढलं. मग ती तशीच बाहेर गेली आणि अक्काशी भांडली. सगळ्या चाळीला ऐकू गेलं. "तुझी पोर असती तर बसवली असतीस आगीपाशी?" आई म्हणाली. अक्काचा आवाज चढला नाही. ती म्हणाली, "बसवली असती. माझी पोर असती तर आठ नाय, पंधरा दिवस माती थापाय लावली असती."

आई परत आली आणि जेवायला बसली. एक भाकरी खाल्ली, दुसरी घेतली. म्हणाली, "कडा जाड ऱ्हायल्यात." सकाळी जाताना तिने पदराची गाठ सोडली आणि काडेपेटी माझ्या हातात ठेवली.

बाला भाकरी आवडली, पण त्याचा शब्द बदलला नाही. "भाकरी येती म्हून काय झालं?" तो म्हणाला. "दिवसभर एकलीच की." आणि दिवाळीला आत्या आली.

ती दारात आली तशी मला आमच्या वाड्याचा वास आला, मेंढराच्या लोकरीचा आणि ताकाचा. मी तिच्या गळ्यात पडले. तिने माझ्या तोंडावरचे देवीचे व्रण बोटांनी चाचपले आणि ती रडायला लागली. आम्ही दोघी बराच वेळ तशाच उभ्या होतो. मग मी नळावर पाणी आणायला गेले. नळ चाळीच्या टोकाला, खोलीपासून बत्तीस पावलांवर होता. घागर भरत आली की तिचा आवाज बारीक होत जातो, गळ्याशी पाणी आलं की शिट्टीसारखा होतो, तेव्हा नळ बंद करायचा. घागर डोक्यावर घेऊन मी परत आले आणि उंबरा ओलांडला. आत एक गाठोडं होतं. मी त्यावरून अडखळले आणि घागरीसकट पडले.

"बघितलंस?" आत्या बाला म्हणाली. तिच्या आवाजात राग नव्हता, भीती होती. "ही कशी ऱ्हायची हितं?"

गुडघा सोलला होता. मी उठले आणि विचारलं, "गाठुडं कुणी ठेवलं?"

"मी ठिवलं की."

"आत्या, ह्या घरात उंबऱ्यापाशी काय ठेवायचं नसतंय. उचल आन् डाव्या भितीला लाव."

आत्यापुढे घरात कुणी असं बोलत नसे. बा ओरडला, "तोंड सांभाळून बोल." मी जागची हलले नाही. शेवटी आत्यानेच वाकून गाठोडं उचललं. मी पोतेरं घेऊन फरशी कोरडी केली, हाताने चाचपून घागरीला पडलेला पोचा बघितला आणि पुन्हा नळावर निघाले. मागून जोडव्यांचा आवाज येत होता. आत्या माझ्या मागे मागे येत होती. मी तिला कळू दिलं नाही. घागर भरली, परत आले, रांजणात ओतली आणि तिसऱ्यांदा गेले. तिसऱ्या खेपेला जोडवी वाजली नाहीत.

आत्या तीन दिवस राहिली. माझ्या हातची भाकरी खाल्ली. मी तांदूळ निवडत असताना खडे बोटांना कसे लागतात ते तिने मला विचारलं आणि स्वतः डोळे मिटून निवडून पाहिले. तिच्या मुठीत खड्यांबरोबर तांदूळच जास्त आले. निघायच्या दिवशी बाने माझे कपडे बांधायला काढले. तेव्हा आत्या म्हणाली, "ऱ्हाऊ दे. ही येणार न्हाय, आन् तू बी धाडू नगंस."

"तूच म्हनली व्हतीस न्यायची," बा म्हणाला.

"म्हनले व्हते. पर तितं सगळी हिला बसवून खायाला घालतील. बसवली की संपली ही."

बाने कपडे परत दोरीवर टाकले. गाडी गेल्यावर तो सुतळी घेऊन आला आणि दारापासून नळापर्यंत भिंतीवर खिळे ठोकून ती बांधू लागला. मला तिची गरज नव्हती. मी ती बांधू दिली आणि पुढे बरीच वर्षं, तो बघत असला की तिला हात लावून जात असे.

पुढे मी अक्काकडे कांड्या भरायला शिकले. डाव्या हाताच्या दोन बोटांतून सूत जातं, तुटलं की बोटांना आधी कळतं. डोळस बायका दिव्याच्या उजेडात भरत, मला दिवा लागत नसे. अक्काच्या दोन मागांच्या सगळ्या कांड्या मी भरायची आणि त्याची मजुरी माझ्या हातात यायची. आईचा खोकला वाढला तेव्हा मी तिला गिरणी सोडायला लावली. ती ऐकत नव्हती, मी दोन दिवस तिच्याशी अबोला धरला तेव्हा ऐकलं.

मी वीस वर्षांची असताना ती चाळ पाडायचं ठरलं आणि आम्ही कुंभारीच्या वाटेवर दोन खोल्यांचं घर भाड्याने घेतलं. सामान गाडीत होतं. बा आणि आई रांजण उतरवायच्या घाईत होते. मी म्हणाले, "थांबा. आधी मला एकटीला आत जाऊ द्या."

मी दार लोटून घेतलं. टाळी वाजवली. बाहेरची खोली लांबट होती, आतली चौकोनी आणि ठेंगणी. भिंतीभिंतीने हात फिरवत गेले, कोपरे बघितले, फरशीवर टाचा आपटून बघितल्या. खिडकी होती, आयुष्यात पहिल्यांदा आमच्या घराला खिडकी आली होती आणि तिच्यातून नांगरलेल्या रानाचा वास येत होता. मी बराच वेळ घेतला. बाहेर बैल शेपट्या आपटत होते. घरमालक दोनदा खाकरला.

दार उघडल्यावर बाने विचारलं, "कशी हाय?"

"चांगली हाय. पर आतली पश्चिमंकडची भित ओली हाय. जोंधळं तिकडं ठेवू नका."

घरमालक म्हणाला, "कोरडी ठणठणीत आहे हो. मागच्याच महिन्यात चुना मारलाय, बघा की."

बाने भिंतीकडे बघितलं असेल. मग त्याने जोंधळ्याचं पोतं उचललं आणि मला विचारलं, "कुटं लावू?"

मी त्याला पूर्वेची भिंत दाखवली.